जिनचा मासा

नांदेड,
रविवार, २१ डिसेंबर २०२५

प्रिय मालविका,

सप्रेम जय भीम. लातूरला तुझ्या माहेरी जाऊन काका-काकूंना भेटून आले, त्याला आज आठ दिवस झाले. दोघंही बरे आहेत. काकांच्या डोळ्याचं ऑपरेशन चांगलं झालंय. काळा चष्मा लावून व्हरांड्यात बसतात आणि काकूंकडून पेपर वाचून घेतात. काकू मधल्या ओळी गाळतात, असा त्यांचा संशय आहे. तुझ्या घरचा पत्ता काकूंनीच दिला. त्यांच्यावर रागवू नको, मी मागून घेतला.

इकडे सगळं चाललंय. आईचे गुडघे तसेच. धम्मानंदची बदली हिंगोलीला झालीय, शनिवारी येतो, सोमवारी पहाटे जातो. आमची लेक समीक्षा यंदा बारावीला. मी तीच, उमरीच्या ज्युनिअर कॉलेजात, तीच सकाळची गाडी, तोच जीवशास्त्राचा तास.

तुला फोन लावायचं मी एप्रिलमध्ये थांबवलं. तू उचलत नाहीस याची तक्रार नाही. फोनवर तू मध्येच काही विचारलं असतंस आणि मी भलतीकडेच वळले असते. कागदावर तरी सरळ जाता येईल असं वाटतं. बघू.

फेब्रुवारीतल्या त्या दोन दिवसांबद्दल लिहायचंय. तुला त्यातलं बरंचसं माहीत आहे. तरी पहिल्यापासून लिहिते, कारण माझ्या डोक्यात इतका गुंता झालाय की ओळीनं मांडल्याशिवाय मलाच उलगडत नाही.

चर्चासत्रासाठी तू आलीस. तुमच्या संस्थेनं प्रयोगशाळेत तयार केलेला तो रोहू, लवकर वाढणारा, उद्या लोकांच्या ताटात येऊ द्यावा की नाही, यावर लोकांचं म्हणणं ऐकायचा कार्यक्रम. असा मासा विकायला आपल्याकडे परवानगीच नाही, तो कुठल्याही तळ्यात नाही, हे निमंत्रणपत्रिकेतच छापलं होतं. तुझ्यासाठी गेस्ट हाउस ठरवलेलं असताना तू सरळ आमच्या दारात रिक्षा थांबवलीस. आईला किती बरं वाटलं ते तू पाहिलंस. तिनं लेकाला, विनोदला, अर्धापूर रोडवरच्या त्याच्या हॉटेलातून ताजी मरळ आणायला लावली. बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षी तू पहिल्यांदा मासा खाल्लास तो याच स्वयंपाकघरात. लातूरला घरी कळेल म्हणून आठवडाभर घाबरली होतीस. आई अजून सांगते, "बामनाची पोरगी, पर काटा काडायला दोन दिसात शिकली."

त्या संध्याकाळी आई चुलीपाशी, मी तव्यावर भाकरी टाकत होते, तू पाटावर बसून लसूण सोलत होतीस. विनोद बर्फाची पेटी घेऊन दारातच उभा. आईनं विचारलं, "ते जिनचा मासा म्हंजे काय गं बाई? दर्ग्यात काडतेत त्यो जिन का?"

तू हसून हसून लसूण सांडलास. "तो जिन नाही मावशी. जीन. जनुक." मग तू समजावून सांगितलंस. आपल्या रोहूच्या अंड्यात दुसऱ्या एका माशाचा वाढीचा जनुक घातलाय, मासा आपलाच, फक्त वर्षभराची वाढ सहा-सात महिन्यांत होते.

विनोद म्हणाला, "आन् चवीला?"

"चवीत काही फरक लागत नाही."

"काटे?" आई म्हणाली.

"काटे तेवढेच."

"मंग काय उपेग," आई म्हणाली, आणि आपण सगळेच हसलो.

थोड्या वेळानं आई रश्शात चिंचेचं पाणी घालत होती. तुझ्याकडे न बघताच तिनं विचारलं, "तुझ्या लेकीला घालतीस का गं त्यो मासा?"

आणि तू म्हणालीस, "नाही मावशी. अन्वीला नाही घालणार. अजून नाही."

मग जेवणं झाली. तू दोनदा रस्सा घेतलास.

दुसऱ्या दिवशी हॉल भरला होता. बिलोली तालुक्यातून मच्छीमार सोसायटीची माणसं आली होती, त्यांचे चेअरमन अण्णाराव तुला आठवत असतील, पांढऱ्या मिशांचे, बोलताना टोपी हातात घेणारे. मला वाटलं होतं मच्छीमार विरोध करतील आणि प्राध्यापक बाजू घेतील. झालं उलटंच. अण्णाराव उठून म्हणाले, "आमच्या तळ्यात पानी माघापतोर. रोहू हातभर हुईस्तोर तळं आटतंय. सात महिन्यात वाढनारा मासा आसंल तर आमाला द्या. आमी कामून नगं म्हनावं?" मला ते पटलं. मग एक प्राध्यापक म्हणाले, हा मासा नदीत गेला, आपल्या मूळच्या रोहूत मिसळला, तर परत वेगळा कसा करणार? मला तेही पटलं. तू म्हणालीस, हे मासे वांझ केलेले असतात, शंभरातले नव्व्याण्णव. मागून कुणीतरी विचारलं, "आन् शंभरावा?" तू म्हणालीस, म्हणूनच ते बंदिस्त टाक्यांत वाढवायचे. मी वहीत दोन्ही बाजू लिहून घेत होते, वर्गात सांगायला. शेवटी वहीत काय उरलं ते आजही वाचता येत नाही.

मग तुमचे मोठे साहेब बोलायला उठले. त्यांनी विषयच मिटवला. म्हणाले, "मला तिळमात्र शंका नाही. आमची सगळ्यांची मुलंबाळं हाच मासा खातील." टाळ्या पडल्या. व्यासपीठावर तूही टाळ्या वाजवल्यास.

प्रश्न चिठ्ठ्यांवर लिहून मागवले होते. सूत्रसंचालकांनी एक चिठ्ठी उघडली आणि माइकवर वाचली. "मालविका मॅडम, आपल्या मुलीला हा मासा खाऊ घालणार नाही असं काल आपण बोललात. हे खरं आहे का?"

तुझा चेहरा मला चौथ्या रांगेतून दिसत होता. तू "नाही" म्हणू शकली असतीस. तू म्हणालीस, "बोलले. पण..." आणि त्या 'पण'नंतर जे काही बोललीस ते गोंगाटात कुणालाही ऐकू आलं नाही.

तू घरी परतली नाहीस. गाडी पाठवून बॅग मागवलीस. आईनं बॅगेत डब्यात भाकरी ठेवली होती. ती खाल्लीस की नाही ते आई अजून विचारते.

त्याच संध्याकाळी तू विनोदला फोन केलास. आदल्या संध्याकाळी स्वयंपाकघरात आपण चौघंच होतो. आईनं असं करणं शक्य नव्हतं, माझं नाव तुझ्या मनाला शिवलं नाही. राहिला विनोद, माशाचं हॉटेल चालवणारा. तुझा आवाज इतका चढला होता की मला शेजारी उभं राहून शब्दन् शब्द ऐकू येत होता. "तुझ्या हॉटेलासाठी तू मला विकलंस. मी तुला भाऊ मानत होते."

मी कांदा चिरत होते. विनोदनं माझ्याकडे बघितलं. मग फोनमध्ये म्हणाला, "हाव ताई. चुकलं माझं."

मालविका, विनोदचं त्यात काहीच नव्हतं. फक्त पेन त्याचा होता. हॉलमध्ये तो माझ्या शेजारी बसला होता, मी मागितल्यावर त्यानं खिशातून काढून दिला.

चिठ्ठी मी लिहिली.

एवढं लिहायला दहा महिने लागले. आता थांबते. पुढचं काय लिहायचं ते डोक्यात नीट येत नाही.

सोमवार, दुपार

कॉलेजला सुट्टी टाकली. आई समोर बसून मेथी निवडतेय. कुणाला पत्र लिहून राहिलीस म्हणून विचारलं. मी तुझं नाव सांगितलं. "लिही लिही," म्हणाली, आणि परत मेथीत डोकं घातलं.

का लिहिली चिठ्ठी, हे तू विचारशील. मी स्वतःला शंभर वेळा विचारलंय आणि दर वेळी वेगळं उत्तर येतं. साहेब खोटं बोलत होते आणि तू टाळ्या वाजवत होतीस, म्हणून. अण्णारावांसारखी माणसं विश्वासानं ऐकत होती, त्यांना खरं कळायला हवं, म्हणून. ही उत्तरं चांगली आहेत. वर्गात सांगण्यासारखी आहेत. पण त्या सकाळी तू व्यासपीठावरून माझी ओळख करून दिलीस, "ही माझी मैत्रीण, इथल्या एका शाळेत शिकवते." शाळेत. एवढीशी गोष्ट. तुला कदाचित माझं ज्युनिअर कॉलेज आठवलंही नसेल त्या घाईत. तिसऱ्या वर्षी अनुवंशशास्त्राच्या पेपरात मला तुझ्यापेक्षा नऊ मार्क जास्त होते. बाबा गेले, विनोद लहान होता, मी नोकरी धरली, तू एम.एस्सी.ला गेलीस. यात तुझा दोष नव्हता आणि मी कधी धरलाही नाही, असं मला वीस वर्षं वाटत होतं. मग हातात पेन आला. यातलं कोणतं कारण खरं, मला खरंच सांगता येत नाही. सगळी असतील. कदाचित मला फक्त बघायचं होतं, तू काय म्हणतेस ते.

पुढे काय झालं ते तुला तिकडे किती कळलं, माहीत नाही. दोन दिवसांत ते व्हॉट्सॲपवर फिरलं. "शास्त्रज्ञ बाई स्वतःच्या लेकीला घालत नाही तो मासा." कुठला मासा, हे कुणी विचारेना. विनोदच्या हॉटेलात केळीचे ट्रकवाले जेवायला थांबायचे. ते ताट पुढे आल्यावर विचारायला लागले, "जिनचा तर नाही ना?" हो, जिनच. आईनं गमतीनं म्हटलेला शब्द, आता सगळीकडे तोच आहे. कुणी म्हणे खाल्ला की पोटात वाढतो, कुणी म्हणे बायकांना मूल होत नाही. विनोदनं भिंतीवर लिहून लावलं, इथे फक्त नदीचा मासा मिळतो. त्यानं संशय वाढला. उन्हाळ्यात त्यानं मासा बंद केला, डाळ-भाजी ठेवली. तो एकदाही मला काही बोलला नाही. ताटात वरण वाढताना त्याचा चेहरा बघवत नव्हता.

मी जमेल तिथे सांगत होते की असा मासा इकडे नाहीच. गाडीत, कॉलेजात, भाजी घेताना. लोक ऐकून घ्यायचे.

मग सप्टेंबरातला पाऊस. तुला बातम्यांत दिसलं असेल आमच्याकडे काय झालं ते. अण्णारावांच्या तळ्याचा सांडवा फुटला. दोन दिवसांनी, पाणी ओसरत असतानाच, मी गेले, कॉलेजातल्या मुलींनी जमवलेले कपडे आणि धान्य घेऊन. सोयाबीन आडवं झालेलं, चिखलात ठिकठिकाणी रोहू आणि कटला. जिवंत होते काही, तोंड उघडत होते. सोसायटीनं जूनमध्ये सोडलेली बोटुकली, बोटाएवढी पिल्लं, आता वीतभर झालेली. गावात दोन दिवस चूल पेटली नव्हती, आणि माणसं त्या माशांना हात लावत नव्हती. तरणी माणसं खड्डा खणत होती, पुरायला. सोसायटीचे चेअरमन जिनच्या सभेला गेले होते, त्यांनी तिकडून बी आणून गुपचूप सोडलं, असं गावात पसरलं होतं.

अण्णाराव बांधावर उभे होते. दोन्ही हातांत एक कटला धरून, लेकरू धरावं तसा. मला बघून म्हणाले, "मॅडम, तुमी शिकवता ना ह्येच. सांगा की ह्यांला."

मी सांगितलं. सगळं सांगितलं. हे बीज सरकारी केंद्रातलं आहे, साधं आहे, जनुक बदललेला मासा आपल्या जिल्ह्यात तर सोडाच, देशात कुठल्याही तळ्यात सोडायला परवानगी नाही. एक म्हातारी खड्ड्याच्या कडेला बसून ऐकत होती, सरजाबाई तिचं नाव. तिनं शांतपणे विचारलं, "मंग त्या बाईनं आपल्या लेकीला कामून न्हाई घालत म्हनली?"

माझ्याकडे उत्तर होतं, मालविका. आणि मी गप्प बसले.

हे लिहायचं मी कालपासून टाळतेय. काल स्वयंपाकघरातली गोष्ट लिहिली तेव्हा "अजून नाही" यावर थांबले आणि पुढे लिहिलं, मग जेवणं झाली. तसं झालं नव्हतं. तू पुढे बोलली होतीस. विनोद तेवढ्यात बर्फाची पेटी ठेवायला बाहेर गेला, आणि लसणाची सालं पदरात गोळा करत तू म्हणालीस, "एक तपासणी बाकी आहे, कुणाला ॲलर्जी वाढते का त्याची. आणि अन्वीला तर साध्या माशानंसुद्धा अंगभर पित्त उठतं, तिला मी कुठलाच मासा देत नाही." आई म्हणाली, "लेकराला दूध-तूप घाल मंग." मी भाकरी उलटली.

मी ते ऐकलं होतं. पूर्ण ऐकलं होतं. चिठ्ठी लिहिताना मला ते आठवत होतं. कागद लहान होता, असं मी नंतर स्वतःला सांगितलं. कागद लहान नव्हता.

त्या खड्ड्याजवळ मी एका वाक्यात हे सांगू शकले असते. सांगितलं असतं तर पुढचा प्रश्न आला असता, तुम्हाला कसं ठाऊक? म्हणून गप्प बसले. त्यांनी मासे पुरले. वर चुना टाकला. अण्णारावांनी हातातला कटला स्वतः खाली ठेवला, फेकला नाही. कपडे आणि धान्य वाटून मी परत आले. गाडीत बसायला जागा होती, तरी दारात उभी राहिले.

आणि आता यातला खरा गोंधळ. पूर बघितल्यावर मला वाटलं, ते प्राध्यापक बरोबर होते. बंदिस्त टाक्या म्हणतो आपण, पण असं पाणी आल्यावर बंदिस्त काय राहतं? तुमचा शंभरावा मासा त्या दिवशी सोयाबीनमधून मन्याड नदीला आणि तिथून गोदावरीला गेला असता. म्हणजे चिठ्ठी बरोबर? मग अण्णाराव आठवतात, माघात आटणारं तळं आठवतं, आणि वाटतं की ज्या माशानं त्यांचं बरं झालं असतं त्याचं नाव मी सगळ्या माशांना चिकटवलं. वर्गात पोरं विचारतात, मॅडम, तुम्ही खाल का? मी एका तुकडीला हो म्हणाले, दुसऱ्या तुकडीला नाही. ती पोरं मधल्या सुट्टीत भेटतातच.

ऑक्टोबरात विनोदला सांगितलं, पूर्ण वाक्य मी ऐकलं होतं म्हणून. त्यालाही हे माहीत नव्हतं. त्याला वाटत होतं तू तेवढंच बोललीस. हॉटेलच्या मागे तो टेबलं धूत होता. ऐकून पाण्याचा नळ बंद केला. म्हणाला, "अक्का, मी ताईला चुकलं म्हनलो, ते तू खरं बोललीस असं समजून. खरं बोलनाऱ्याचं नाव कामून सांगावं, असं वाटलं." मग नळ परत सुरू केला. चार दिवस माझ्याशी बोलला नाही. पाचव्या दिवशी आईची गोळी आणून दिली, माझ्याच हातात दिली.

म्हणून लातूरला गेले. खरं तर फक्त पत्ता घ्यायला. काकांनी बसवून घेतलं. तुला प्रकल्पातून काढलं, शाळेच्या मुलांना मत्स्यालय दाखवायचं काम दिलं, हे त्यांनीच सांगितलं. मला माहीत नव्हतं. मग काका म्हणाले, "तुझ्या भावाला सांग, आमच्या मनात राग नाही. पोटासाठी माणूस करतो." ते वाक्य मला सहन झालं नाही. तिथेच, व्हरांड्यात, सगळं सांगितलं. काकांनी चष्मा काढला, मग डॉक्टरांनी काढू नका म्हटलेलं आठवून परत लावला. काकू आत गेल्या. मला वाटलं आता बाहेर येणार नाहीत. चहा घेऊन आल्या. त्यात साखर नव्हती. विसरल्या, की तशीच दिली, कळलं नाही. मी पूर्ण प्यायले. निघताना त्यांनी पत्ता लिहून दिला आणि म्हणाल्या, "तिला आम्ही सांगणार नाही. तू सांग."

गेल्या गुरुवारी बिलोलीकडे गेले. सोसायटीची बैठक होती, शाळेच्या ओट्यावर. अण्णारावांनी मला बोलू दिलं. मी तुझं पूर्ण वाक्य सांगितलं, चिठ्ठी माझी होती हे सांगितलं. वाटलं होतं लोक चिडतील. अण्णारावांनी टोपी हातात घेतली. मग म्हणाले, "म्हंजे त्या मॅडमच्या लेकीला कोनताच मासा चालत न्हाई."

"नाही."

"आन् तपासनी राहिली व्हती, तेबी खरं."

"तेही खरं."

"मंग मासा चांगला हाय का वाईट?"

"मला माहीत नाही, अण्णाराव."

सरजाबाई मागे बसली होती. म्हणाली, "इतकं शिकून न्हाई माहीत?" रागानं नाही, तिला खरंच नवल वाटलं होतं.

"नाही माहीत," मी म्हणाले.

मग बैठक पुढच्या विषयावर गेली, सांडव्याच्या दुरुस्तीवर. मी एका कडेला बसून राहिले. वाटलं होतं मोठं काही होईल. तसं लोकांचं म्हणशील तर ते आपोआपच विसरायला लागलेत. विनोदनं दिवाळीनंतर मासा परत सुरू केला. ट्रकवाले खातात, कुणी फारसं विचारत नाही. यात माझ्या सांगण्याचा काही वाटा नाही.

तू मात्र अजून मत्स्यालयातच आहेस. म्हणून शनिवारी तुमच्या साहेबांच्या नावानं मी एक पत्र स्पीड पोस्टनं पाठवलं. माझं नाव, पत्ता, कॉलेज, सही. आमच्या प्राचार्यांना एक प्रत दिली. त्यांनी वाचली आणि विचारलं, "मॅडम, याची गरज होती का?" चौकशी होईल असं दिसतं. झाली तर होऊ दे.

त्यात मी तुझं पूर्ण वाक्य लिहिलंय. अन्वीचं लिहिलंय, आणि तपासणी बाकी असल्याचं तू म्हणालीस तेही लिहिलंय. धम्मानंद फोनवर म्हणाला, ते दुसरं कशाला लिहितेस, साहेब भर सभेत तिळमात्र शंका नाही म्हणालेत, त्यांना ते झोंबेल आणि मालविकाचंच आणखी वाईट होईल. होऊ शकतं. मी दोन दिवस विचार केला. तेवढं वगळून पुन्हा एक मसुदाही केला, चांगला झाला होता. फाडला. तुझ्या भल्यासाठीसुद्धा मला आता त्यातलं काही गाळता येत नाही. तुला हे पत्र मिळेल तोवर ते त्यांना मिळालेलं असेल. त्यानं तू प्रयोगशाळेत परत जाशील की मत्स्यालयही जाईल, मला कळत नाही. तुला विचारून पाठवायला हवं होतं का, तेही कळत नाही. विचारलं असतं तर तू अडवलं असतंस आणि मला बरंच वाटलं असतं, म्हणून विचारलं नाही.

माफी मागत नाही. मागितली की तुला काहीतरी उत्तर द्यावं लागेल, आणि ते ओझं परत तुझ्यावरच. मला लिहू नकोस, फोन नको. फक्त विनोदला एकदा फोन कर. तो दुपारी चारनंतर मोकळा असतो. काय बोलायचं ते सुचलं नाही तर नुसतं "विनोद" म्हण. दहा महिने तुझ्या फोनची रिंग त्यानं वेगळी ठेवलीय आणि दुसऱ्या कुणाचा वाजला तरी हात पुसून बघतो.

'तुझी' लिहायला पेन टेकवला होता. उचलला.

रेणुका